तुसालावा
जीवसृष्टीच्या उगमाचा अमूर्त आकारांतून वेध घेणारा प्रायोगिक लघुचित्रपट (१९२९). न्यूझीलंडमध्ये जन्मलेला कलावंत लेन लाय (१९०१–८०) ह्याची ही पहिली चित्रपटकृती. शीर्षक सामोअन भाषेतील असून ‘अखेरीस सारे सारखेच’ असा त्याचा आशय आहे. लंडन फिल्म सोसायटीच्या साहाय्याने, सुमारे दोन वर्षे खपून व हजारो चित्रे हाताने रेखाटून लायने तो लंडन येथे पूर्ण केला.

ह्या सुमारे दहा मिनिटांच्या कृष्णधवल मूकपटात कथानक नाही. आरंभी ठिपक्यांसारख्या पेशी हालचाल करू लागतात; त्यांतून अळीसदृश जीव साकारतो. शेजारी कुलचिन्हासारखी मानवसदृश आकृती उभी राहते. अळी तिच्यावर आक्रमण करते व संघर्षात दोन्ही आकार लोप पावतात. उत्पत्ती व विनाश ह्यांचे हे एकत्व शीर्षकातही सूचित झाले आहे. तत्कालीन यूरोपीय अमूर्त चित्रपटांत भौमितिक आकृत्यांचे प्राबल्य होते. लायने मात्र ऑस्ट्रेलियातील आदिवासींच्या व पॅसिफिक बेटांतील कलेपासून प्रेरणा घेऊन सजीव भासणारे आकार योजिले. जॅक एलिटने त्यासाठी रचलेले पियानोसंगीत पुढे गहाळ झाले. अ कलर बॉक्स (१९३५) ह्या चित्रपटात लायने थेट फिल्मवरच रंगकाम केले. गतिमान आकारांच्या त्याच्या शोधाचा प्रारंभ तुसालावात आढळतो.