अँथनी गोन्साल्विस
अँथनी गोन्साल्विस (१२ जून १९२७ – १८ जानेवारी २०१२) हे गोव्यात जन्मलेले व्हायोलिनवादक, संगीत संयोजक, संगीतरचनाकार आणि संगीतशिक्षक होते. मुंबईच्या हिंदी चित्रपटसृष्टीत त्यांनी १९४०च्या दशकापासून १९६५ पर्यंत काम केले. भारतीय रागांना पाश्चात्त्य वाद्यवृंदात स्थान देण्याच्या प्रयत्नासाठी ते ओळखले जातात. प्यारेलाल शर्मा आणि राहुल देव बर्मन हे त्यांचे शिष्य होत. १९७७ सालच्या एका लोकप्रिय गीतामुळे त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले. मात्र ते एका हयात संगीतकाराचे नाव आहे, हे बहुतेक श्रोत्यांना ठाऊक नव्हते.

पार्श्वभूमी

गोन्साल्विस यांचा जन्म सासष्टी तालुक्यातील माजोर्डा या गावी झाला. त्यांचे वडील चर्चमधील गायनवृंदाचे मार्गदर्शक होते. पोर्तुगीज राजवटीतील गोव्यात चर्चशी संलग्न शाळांमधून मुलांना स्वरलेखन, समूहगान आणि व्हायोलिनवादनाचे शिक्षण मिळत असे. या शिक्षणामुळे लिहिलेले संगीत पाहून वाजवू शकणाऱ्या वादकांच्या अनेक पिढ्या तयार झाल्या. गोव्यात उपजीविकेच्या संधी मर्यादित असल्याने त्यांपैकी अनेकांनी मुंबईची वाट धरली.

चित्रपटसृष्टीतील कार्य

गोन्साल्विस १९४३ मध्ये मुंबईत आले आणि संगीतकार नौशाद यांच्या वाद्यवृंदात व्हायोलिनवादक म्हणून रुजू झाले. पुढे ते संगीत संयोजनाकडे वळले. सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड आणि चिक चॉकलेट हे याच क्षेत्रातील त्यांचे गोमंतकीय समकालीन होत.

त्या काळी संगीतकार सहसा हार्मोनियमवर चाल बांधत असे. ती चाल स्वरलिपीत उतरवणे, प्रत्येक वाद्याचा भाग स्वतंत्रपणे लिहिणे, गीताचा आरंभीचा व कडव्यांमधील वाद्यसंगीताचा भाग सजवणे आणि वादकांकडून तालीम करून घेणे, ही संयोजकाची कामे असत. गायक आणि संपूर्ण वाद्यवृंद यांचे ध्वनिमुद्रण एकाच वेळी होत असल्याने एका वादकाच्या चुकीमुळे सर्वांना पुन्हा वाजवावे लागे. त्यामुळे अचूक लिहिलेल्या स्वरलिपीला विशेष महत्त्व होते. तरीही श्रेयनामावलीत संगीतकाराचे नाव ठळकपणे येई. संयोजकाचा उल्लेख 'सहाय्यक' म्हणून होई किंवा मुळीच होत नसे.

राग आणि वाद्यवृंद

चित्रपटांत काम करीत असताना गोन्साल्विस यांना हिंदुस्थानी रागसंगीताची ओढ लागली. रागसंगीत हे मुख्यतः एकामागून एक येणाऱ्या स्वरांच्या चलनावर उभे असते, तर पाश्चात्त्य वाद्यवृंदात अनेक स्वर एकाच वेळी वाजवून स्वरसंवाद साधला जातो. या दोहोंचा मेळ घालताना रागाचे नियम आड येतात. उदाहरणार्थ, वृंदावनी सारंगात गंधार आणि धैवत वर्ज्य आहेत. त्यामुळे सा–ग–प हा पाश्चात्त्य संगीतातील अगदी प्राथमिक स्वरसमूहही तेथे वापरता येत नाही. प–नी–रे हा स्वरसमूह मात्र रागाच्या चौकटीत बसतो. रागाची प्रकृती राखून असे स्वरसमूह निवडणे हे संयोजकापुढील आव्हान असते. गोन्साल्विस यांच्या रचनांमध्ये 'सोनाटिना इंडियाना' आणि सारंग रागातील व्हायोलिन कन्चेर्टो यांचा समावेश होतो.

१९५८ मध्ये त्यांनी 'इंडियन सिम्फनी ऑर्केस्ट्रा'ची स्थापना केली. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या प्रांगणात झालेल्या कार्यक्रमात लता मंगेशकर आणि मन्ना डे यांनी गायन केले. एरवी ध्वनिमुद्रणकक्षात पडद्याआड राहणारे चित्रपटसृष्टीतील वादक या उपक्रमामुळे श्रोत्यांसमोर आले.

अमेरिकेतील वास्तव्य

१९६५ मध्ये ते अमेरिकेतील न्यू यॉर्क राज्यातील सिरॅक्यूज विद्यापीठात गेले आणि मुंबईतील त्यांची कारकीर्द थांबली. मायदेशी परतल्यावर ते चित्रपटसृष्टीत पुन्हा सक्रिय झाले नाहीत. माजोर्डा येथे ते प्रसिद्धीपासून दूर राहिले.

शिष्य आणि गौरव

ट्रंपेटवादक रामप्रसाद शर्मा यांचे पुत्र प्यारेलाल यांनी गोन्साल्विस यांच्याकडे व्हायोलिनचे धडे घेतले. पुढे लक्ष्मीकांत–प्यारेलाल या जोडीने मनमोहन देसाई दिग्दर्शित 'अमर अकबर अँथनी' (१९७७) या चित्रपटाला संगीत दिले. त्यातील अमिताभ बच्चन यांच्या पात्राचे आडनाव प्रारंभी फर्नांडिस असे योजले होते. प्यारेलाल यांच्या सूचनेवरून ते गोन्साल्विस असे करण्यात आले. आनंद बक्षी यांनी लिहिलेले आणि किशोर कुमार यांनी गायलेले 'माय नेम इज अँथनी गोन्साल्विस' हे गीत अशा रीतीने शिष्याने गुरूला वाहिलेली आदरांजली ठरले.

२०१० मध्ये गोव्यातील भारतीय आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्यांचा गौरव करण्यात आला. चित्रपट समीक्षक अशोक राणे यांनी त्यांच्या जीवनावर माहितीपट तयार केला. १८ जानेवारी २०१२ रोजी वयाच्या ८४व्या वर्षी गोव्यात त्यांचे निधन झाले.

मुंबईतील वादक व संयोजकांच्या योगदानाची पद्धतशीर नोंद उशिरा सुरू झाली. संगीत-अभ्यासक ग्रेगरी बूथ यांचा 'बिहाइंड द कर्टन' (२००८) हा वादकांच्या मुलाखतींवर आधारित ग्रंथ त्या दृष्टीने महत्त्वाचा मानला जातो.