टाळ्यांचा प्रतिध्वनी घरी आणणारा वादक

अमेरिका म्हटलं की आपल्या कानांत इंग्रजी वाजू लागते. पण त्या देशाच्या दक्षिणेला, मिसिसिपी नदी जिथं समुद्राला मिळते, त्या लुइझियाना राज्यात भातखाचरांचा आणि दलदलीचा एक मुलूख आहे. तिथं दीड-दोनशे वर्षं घराघरांतून फ्रेंचच बोलली जात होती. या लोकांना म्हणतात केजन. त्यांचे पूर्वज आजच्या कॅनडातल्या अकादी नावाच्या प्रांतात शेती करून राहत होते. १७५५ साली इंग्रजांनी त्यांना घरादारांतून हुसकून जहाजांत घातलं आणि देशोदेशी पांगवलं. त्यांतली काही कुटुंबं दहाएक वर्षांनी लुइझियानात येऊन स्थिरावली. ‘अकादियन’ या शब्दाचं बोलता बोलता ‘केजन’ झालं.

या लोकांचं संगीत म्हणजे फिडल, अकॉर्डियन आणि लोखंडी त्रिकोण. फिडल म्हणजे आपलं व्हायोलिनच, फक्त लोकवादकाच्या हातातलं. अकॉर्डियन जर्मनीहून आलेलं, दहा बटणांचं. त्याची पोटातली रचना आपल्याला परकी नाही. आपल्या बाजाच्या पेटीत भात्याच्या हवेनं धातूच्या पट्ट्या थरथरतात, तशाच त्यातही थरथरतात. आणि त्रिकोण बनवायचा तो गवत ओढायच्या जुन्या दंताळ्याच्या दात्यांतून!

शनिवारी रात्री कुणाच्या तरी घरातलं सामान बाहेर काढून नाच व्हायचा. लहान मुलांना शेजारच्या खोलीत झोपवायचं आणि मोठ्यांनी नाचायचं. ध्वनिक्षेपक नसायचा. शेकडो पावलांच्या धपधपाटातून आवाज पोहोचावा म्हणून गायक वरच्या पट्टीत, जवळजवळ आक्रोश केल्यासारखा गायचा. गाणी विरहाची, पोरकेपणाची. ताल मात्र नाचाचा. यात काळ्या क्रेओल कलावंतांचा वाटा मोठा आहे. आमेदे आर्दवां हा काळा अकॉर्डियनवादक आणि डेनिस मॅकगी हा गोरा फिडलवादक यांनी १९२९ पासून एकत्र ध्वनिमुद्रणं केली. वर्णभेदाच्या त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती.

अशा मुलखात, मामू नावाच्या गावाजवळ १९२७ साली ड्युई बाल्फा जन्मले. गावाचं नाव ऐकून आपल्याकडच्या अनेकांना ओळखीचं वाटेल. पण हा योगायोगच. वडील वाट्यानं दुसऱ्याची शेती कसणारे आणि फिडल वाजवणारे. घरात वाद्य होतं, आणि एकेक करत मुलांचे हात त्यावर बसले. विल, रॉडनी, हॅरी, बर्कमन, सारेच भाऊ वाजवायचे, गायचे. मात्र वाजवून पोट भरत नाही, हे त्यांना ठाऊक होतं. ड्युई यांनी शेती केली, विमा विकला, शाळेची बस चालवली, फर्निचरचं दुकान चालवलं. फिडल शनिवार-रविवारसाठी.

आता या कहाणीतली बोचणारी बाजू. १९२१ च्या राज्यघटनेनं लुइझियानातल्या शाळांची भाषा फक्त इंग्रजी ठरवली. ड्युई यांच्या पिढीतली कितीतरी मुलं शाळेत पाऊल टाकीपर्यंत इंग्रजीचा शब्दही जाणत नव्हती. शाळेत चुकून फ्रेंच बोललं की शिक्षा ठरलेली. कुणाला गुडघ्यांवर बसवायचे, कुणाकडून ‘मी फ्रेंच बोलणार नाही’ हे पुन्हा पुन्हा लिहून घ्यायचे. अशा मुलाला काय कळतं? आईची बोली म्हणजे लाजिरवाणी गोष्ट, एवढंच. ही मुलं मोठी झाली तेव्हा त्यांनी आपल्या लेकरांशी फ्रेंच बोलणं बंद केलं. ते प्रेमापोटीच. आपल्याला बसला तो मार त्यांना बसू नये म्हणून. भाषेबरोबर गाण्यालाही गावंढळपणाचा शिक्का बसला. जुन्या फिडलच्या सुरांना लोक मांजरांचं भांडण म्हणू लागले.

१९६४ साली ऱ्होड आयलंडमधल्या न्यूपोर्ट लोकसंगीत महोत्सवाचं निमंत्रण केजन वादकांना आलं. ड्युई यांची वर्णी लागली ती ऐनवेळी, बदली गिटारवादक म्हणून. हे संगीत बाहेर नेलं तर आपलं हसं होईल, असा सूर घरच्या वर्तमानपत्रातूनच निघाला. ड्युई यांनी तोवर एका वेळी दोनशे माणसंसुद्धा क्वचितच पाहिली असतील. तिथं, त्यांच्याच सांगण्याप्रमाणे, सतरा हजार होती. वादन संपलं आणि ती सारी उठून टाळ्या वाजवू लागली. ड्युई पुढं नेहमी म्हणायचे, त्या टाळ्यांचा प्रतिध्वनी मला माझ्या गावी न्यायचा होता.

हे ‘नेणं’ सोपं नव्हतं. गावाशेजारच्या ध्वनिमुद्रिका कंपनीचे फ्लॉइड सॉइलो यांना हे जुनं संगीत खपेल असं सुरुवातीला वाटत नव्हतं. ड्युई यांनी चिकाटी सोडली नाही. अखेर बाल्फा बंधूंची तबकडी निघाली. एक फिडल चाल वाजवतं, दुसरं खालच्या सुरांत तिला ताल आणि आधार देतं, ही जुनी घरगुती पद्धत तिच्यामुळं टिकली. १९६७ साली भाऊ एकत्र न्यूपोर्टला गेले. १९६८ मध्ये राज्यानं फ्रेंचच्या जतनासाठी मंडळ स्थापन केलं. २६ मार्च १९७४ रोजी लाफायेत शहरात केजन संगीताचा मोठा जलसा झाला. वादळी पावसातही हजारो लोक आले. विशेष म्हणजे त्यांना नाचायला जागाच ठेवली नव्हती. खुर्चीवर बसून त्यांनी आपलं संगीत ऐकलं, बहुधा पहिल्यांदाच नीट ऐकलं.

पण ड्युई यांचं मोठं काम मंचावरचं नव्हे. ते फिडल घेऊन शाळांत जाऊ लागले. ज्या शाळांनी त्यांच्या पिढीची भाषा मोडली, त्याच शाळांतल्या वर्गांत उभं राहून ते फ्रेंच गाणी म्हणायचे, त्यांचा अर्थ सांगायचे. त्यांचं म्हणणं साधं होतं. माझी संस्कृती इतर कुणापेक्षा थोर नाही. पण तिला दुय्यम म्हटलेलं मी चालवून घेणार नाही.

१९७० च्या दशकाच्या अखेरीस मोटार अपघातात विल आणि रॉडनी दोघेही गेले. १९८० मध्ये पत्नी वारली. भावांच्या वादनावर उभं असलेलं संगीत भावांशिवाय कसं वाजवायचं? ड्युई यांनी पुतण्याला, पुढं आपल्या मुलीला सोबत घेतलं आणि वाजवत राहिले. १९८२ साली त्यांना लोककलावंतांसाठीची राष्ट्रीय वारसा शिष्यवृत्ती मिळाली. १९९२ साली ते वारले.

त्यांच्या तालमीत वाढलेला स्टीव्ह रायली पुढं नामवंत वादक झाला. मुलगी क्रिस्टिन हिनं ‘बाल्फा तूजूर’ नावाचं पथक काढलं. ‘तूजूर’ म्हणजे नेहमी. मात्र खरं तेही सांगायला हवं. लुइझियानात फ्रेंच बोलणारी माणसं दर पिढीगणिक कमीच होत गेली. आज कित्येक तरुण जी गाणी गातात, ती घरी बोलत नसलेल्या भाषेतली असतात. गाणं वाचलं, बोली मात्र पूर्ण सावरली नाही. तरीही त्या तरुणांपैकी काहीजण गाण्याचा अर्थ कळावा म्हणून फ्रेंच शिकायला बसतात. आजी-आजोबांनी लाजेनं गिळलेले शब्द ते पुन्हा उच्चारून पाहतात. गावी आणलेला तो प्रतिध्वनी असा अजून ऐकू येतो.