खेड तालुका लोकल बोर्ड

पुणे जिल्ह्याच्या खेड तालुक्यातील ग्रामीण भागाची भूतपूर्व स्थानिक स्वराज्य संस्था. मुंबई इलाख्यातील इतर तालुका बोर्डांप्रमाणे ती १८८४ च्या कायद्यान्वये अस्तित्वात आली व १९३८ मध्ये संपुष्टात आली. तालुक्याचे मुख्य ठिकाण खेड हे पुण्याच्या उत्तरेस सु. ४० किमी.वर पुणे–नाशिक रस्त्यालगत भीमा नदीकाठी आहे. हुतात्मा शिवराम हरी राजगुरू (१९०८–३१) यांचे हे जन्मगाव असल्याने स्वातंत्र्योत्तर काळात त्याचे राजगुरुनगर असे नामांतर झाले. तालुक्याचे नाव मात्र खेड हेच राहिले. ब्रिटिश अमदानीत आंबेगाव पेट्याचाही या तालुक्यात समावेश होता.

पूर्वपीठिका : ग्रामीण भागातील रस्ते व शाळा यांसाठी जमीन महसुलाच्या दर रुपयामागे एक आणा लोकल फंड घेण्याची पद्धत मुंबई इलाख्यात १८६० नंतरच्या दशकात सुरू झाली. १८६९ च्या कायद्याने तिला वैधानिक आधार मिळाला. या उत्पन्नाचे दोन तृतीयांश रस्त्यांसाठी व एक तृतीयांश शिक्षणासाठी राखून ठेवीत. तालुका समितीत असिस्टंट कलेक्टर, मामलेदार, बांधकाम खात्याचा अधिकारी व शाळांचा डेप्युटी इन्स्पेक्टर हे सरकारी, तर इनाम गावाचा एक मालक व तीन जमीनधारक हे बिनसरकारी सभासद असत. समितीने तालुक्याच्या गरजा कळवाव्यात आणि अंदाजपत्रक जिल्हा समितीने करावे, अशी व्यवस्था होती. कर देणाऱ्या रयतेला प्रतिनिधी निवडण्याचा अधिकार नव्हता.

रचना व कार्ये : लॉर्ड रिपन यांच्या १८८२ च्या ठरावात, ज्या क्षेत्राची सभासदांना प्रत्यक्ष माहिती असेल असे लहान क्षेत्र स्थानिक कारभारासाठी निवडावे, हे तत्त्व मांडलेले होते. त्यास अनुसरून १८८४ च्या मुंबई लोकल बोर्ड कायद्याने जिल्हा व तालुका अशी दुहेरी बोर्डे निर्माण केली आणि तालुका बोर्डात लोकनियुक्त सभासदांना स्थान दिले. मताधिकार मालमत्तेवर आधारलेला असल्याने सामान्य कूळ व शेतमजूर त्याबाहेरच राहिले. रस्ते, विहिरी व तलाव, धर्मशाळा, दवाखाने, प्राथमिक शाळा, देवी टोचणे व रस्त्यांच्या कडेस झाडे लावणे ही बोर्डांची प्रमुख कामे होत. नगरपालिकांची हद्द त्यांच्या कक्षेतून वगळलेली असे. त्यामुळे खेड तालुक्यातील आळंदीचा कारभार वेगळा राहिला. १९२३ च्या कायद्याने लोकनियुक्त सभासदांचे प्रमाण वाढविले व सरकारी वर्चस्व कमी केले.

आर्थिक मर्यादा : तालुका बोर्डाला स्वतंत्र कर बसविण्याचा अधिकार नव्हता. लोकल फंड तालुक्यातील जमिनींवर आकारला जाई. परंतु त्याची वाटणी जिल्हा बोर्डाच्या हाती असे. खेडसारख्या तालुक्यात या पद्धतीची एक अडचण विशेष जाणवण्यासारखी होती. तालुक्याचा पश्चिम भाग भीमाशंकराजवळच्या सह्याद्रीच्या डोंगररांगांत असून पूर्वेस चाकणच्या बाजूस तो मोकळा व सपाट होत जातो. डोंगराळ भागात जमिनीची आकारणी कमी, म्हणून तिच्यावरील लोकल फंडाचे उत्पन्नही कमी. उलट रस्ते बांधण्याचा खर्च तेथेच अधिक. ही गरज जाणणारे सभासद तालुक्यात होते. पैसा मंजूर करणारी संस्था मात्र पुण्यास होती.

विसर्जन व वारसा : जिल्हा बोर्डाचे हस्तक एवढेच स्थान उरल्याने १९३८ मध्ये कायद्यात दुरुस्ती करून इलाख्यातील तालुका बोर्डे रद्द करण्यात आली. त्यानंतर सु. चोवीस वर्षे जिल्हा लोकल बोर्ड व ग्रामपंचायत यांच्या दरम्यान तालुका पातळीवर लोकनियुक्त संस्था नव्हती. बलवंतराय मेहता समितीने (१९५७) विकास गटाच्या पातळीवरील समितीस प्राधान्य दिले. महाराष्ट्रात वसंतराव नाईक समितीने (१९६१) जिल्हा परिषदेस अधिक बळ देण्याची शिफारस केली. १९६१ च्या अधिनियमानुसार १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा व पंचायत समित्या कार्यान्वित झाल्या. खेड पंचायत समितीच्या रूपाने तालुक्यास पुन्हा लोकनियुक्त संस्था लाभली. तथापि निधीसाठी जिल्ह्यावर व शासनावर अवलंबून राहण्याचा जुना प्रश्न पूर्णपणे सुटला नाही.

पुढे औद्योगिकीकरणाने या ग्रामीण क्षेत्राचे स्वरूपच पालटले. दक्षिणेकडील हवेली तालुक्यातील गावे मिळून १९७० मध्ये पिंपरी-चिंचवड नगरपालिका झाली व १९८२ मध्ये तिचे महानगरपालिकेत रूपांतर झाले. ही औद्योगिक वाढ चाकणपर्यंत पोहोचली आणि एकविसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात चाकण व राजगुरुनगर येथे नगरपरिषदा स्थापन झाल्या. नगरपरिषद झालेली गावे पंचायत समितीच्या कक्षेबाहेर जातात. त्यामुळे तालुक्याचे मुख्य ठिकाण व प्रमुख औद्योगिक गाव ही दोन्ही आता ग्रामीण स्वराज्य संस्थेच्या हद्दीत नाहीत. जमीन महसुलावर उभारलेली तालुका बोर्डाची व्यवस्था इतिहासजमा झाली असली, तरी तालुक्यात निर्माण होणाऱ्या उत्पन्नातून त्याच्या डोंगराळ भागास किती वाटा मिळावा आणि तो कोणी ठरवावा, हा तिच्या काळातील प्रश्न आजही महत्त्वाचा आहे.