सातबाऱ्यावर नाव चढलं म्हणजे जमीन आपली झाली?

वडील गेले की घरातलं कुणीतरी तलाठ्याकडे जातं, फेरफार मंजूर होतो आणि सातबाऱ्यावर एकट्या थोरल्याचं नाव चढतं. मग वर्षानुवर्षं सगळे धरून चालतात की जमीन त्याचीच. हा समज चूक आहे. सातबारा हे महसुली दप्तर. त्यातली नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानतात, एवढंच तिचं वजन. फेरफाराने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितलं आहे. मालकीचा वाद दिवाणी न्यायालयातच सुटतो. ‘बारा वर्षं मीच कसतोय’ हेही पुरेसं नाही. एका सहहिस्सेदाराचा ताबा सगळ्यांच्या वतीने धरला जातो; इतरांचा हक्क त्याने उघडपणे नाकारला असेल, तर गोष्ट निराळी.

नाव सुटतं ते बहुधा बहिणीचं. ‘लग्नात खर्च केला, आता वाटा कसला?’ या युक्तिवादाला हिंदू वारसा कायद्यात जागा नाही. 9 सप्टेंबर 2005 च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क मिळाला. वडील त्याआधीच वारले असतील तर काय, यावर वर्षानुवर्षं उलटसुलट निकाल होत राहिले. 11 ऑगस्ट 2020 रोजी विनिता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो घोळ मिटवला: 9 सप्टेंबर 2005 रोजी वडील हयात असण्याची अट नाही. मात्र 20 डिसेंबर 2004 पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेलं वाटप मोडत नाही. तोंडी वाटपाची सबब सहज चालत नाही. ते खरोखर झालं होतं हे सरकारी कागदांतून दिसावं लागतं.

मुलग्यांचाही एक लाडका गैरसमज आहे: आजोबांकडून आलेलं ते सगळं वडिलोपार्जित. आजोबांची स्वकष्टार्जित जमीन 1956 नंतर वारसाने वडिलांकडे आली असेल, तर ती वडिलांची स्वतंत्र मिळकत, असं 1986 च्या चंदर सेन निकालापासून मानलं जातं. ती विकायला मुलाची सही लागत नाही.

आता दस्तांकडे. स्टॅम्पपेपरवर लिहून, नोटरीचा शिक्का मारून घेतलेल्या हक्कसोडपत्राने जमिनीतला हिस्सा सुटत नाही. 1908 च्या नोंदणी कायद्यानुसार ते दुय्यम निबंधकाकडे नोंदवावंच लागतं. मृत्युपत्राचं मात्र उलट. ते साध्या कागदावर, नोंदणीविना चालतं. सही आणि दोन साक्षीदार हवेत. नंतरचं साधं मृत्युपत्र आधीच्या नोंदणीकृत मृत्युपत्राला रद्द करू शकतं. आणि नोंदणी झाली तरी, ज्याला सगळं मिळालं त्यानेच ते करवून घेण्यात पुढाकार घेतला असेल, तर संशय दूर करण्याची जबाबदारी त्याच्यावर येते.

फ्लॅटच्या नॉमिनीचं थोडक्यात: सोसायटीने कुणाशी व्यवहार करायचा, एवढ्यापुरतं ते नाव. मालक वारसच.

‘तलाठ्याकडे द्यायचंय’ म्हणून घेतलेली सही प्रत्यक्षात हक्कसोडपत्रावर असते, असे दावे कोर्टात येतच असतात. निबंधकासमोर अंगठा आणि फोटो झालेला दस्त खरा मानूनच न्यायालय सुरुवात करतं. फसवणूक सिद्ध करण्याचा भार सही करणाऱ्यावर. दस्त रद्द करून मागण्याची मुदत तीन वर्षांची, आणि ती फसवणूक कळल्या दिवसापासून मोजतात. ती कधी कळली, यावरच मग निम्मा खटला चालतो.