फ्रान्त्सिश्का गाल : एका विनोदी नटीची कहाणी

विनोदी नट आपल्या भाषेबाहेर गेला की त्याचा निम्मा विनोद वाटेतच सांडतो, असे आपण सहज म्हणतो. ते कितपत खरे, हे पाहायचे असेल तर हंगेरीच्या एका नटीची हकिकत ऐकण्यासारखी आहे. तिचे नाव फ्रान्त्सिश्का गाल. आडनावाला हसू नका. आणि हंगेरीत आडनाव आधी येते. तेव्हा तिच्या गावी ती ‘गाल फ्रान्त्सिश्का’च.

तिचा जन्म बुडापेस्टच्या एका ज्यू घरातला, विसाव्या शतकाच्या पहिल्या वर्षांतला. त्या शहराला नाटकाचे वेड. तिथल्या एका मोठ्या नाट्यगृहाचे नावच मुळी ‘विनोदी रंगमंदिर’, म्हणजे विगसिन्हाझ. ते १८९६ मध्ये उघडले. शिवाय लहान प्रवेश, गाणी आणि कोपरखळ्या यांची कॅबरे-गृहे होती. अशा रंगभूमीवर फ्रान्त्सिश्का तयार झाली.

१९३२ मध्ये ‘पाप्रिका’ या जर्मन बोलपटात ती झळकली. तिची जर्मन हंगेरियन वळणाची. पण प्रेक्षकांना तेच गोड वाटले! १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. तेव्हा युनिव्हर्सल कंपनीचे निर्माते जो पास्टरनाक यांनी बिऱ्हाड व्हिएन्ना-बुडापेस्टकडे हलवले. तिथे दिग्दर्शक हेर्मान कोस्टरलिट्झ यांच्या हाताखाली ‘पेटर’ (१९३४), ‘छोटी आई’ (१९३५) आणि ‘कॅथरीना’ (१९३६) हे बोलपट झाले.

या बोलपटांत गंमत कुठे होती? ‘पेटर’मध्ये निराधार मुलगी पोरग्याचा वेश घेऊन काम शोधते. ‘छोटी आई’मध्ये टाकून दिलेले मूल उचलते, आणि ‘हे माझे नव्हे’ म्हणून कितीही सांगितले तरी कुणी विश्वास ठेवत नाही. ‘कॅथरीना’मध्ये ती निरक्षर मोलकरीण, मालकाच्या मुलीपर्यंत पोचायचे म्हणून एक तरुण हिच्यावर प्रेमाचे नाटक करतो. पाहा, तिन्ही कथा मुळात करुण आहेत. नायिका कुणाला हसवायला निघालेलीच नाही. ती आपल्या परीने अगदी गंभीर असते, आणि म्हणूनच आपल्याला हसू येते. हा विनोद शब्दांपेक्षा प्रसंगात आहे. त्यामुळे सीमा ओलांडताना तो सांडला नाही. सोव्हिएत रशियातसुद्धा ‘पेटर’वर लोक फिदा होते.

पुढे पास्टरनाक आणि कोस्टरलिट्झ हॉलिवूडला गेले, मागोमाग तीही गेली. १९३८-३९ मध्ये तिचे तीन चित्रपट आले. सेसिल डी-मिलच्या ‘बुकॅनिअर’मध्ये ती डच मुलगी, तिसऱ्यात तिच्यासमोर बिंग क्रॉस्बी. मधला, ‘द गर्ल डाउनस्टेअर्स’, म्हणजे ‘कॅथरीना’चाच नवा अवतार. तिथे तिचा जम काही बसला नाही. मात्र तिच्या कथांचा बसला. ‘छोटी आई’वरून १९३९ मध्ये ‘बॅचलर मदर’ निघाला. नायिका जिंजर रॉजर्स. तिच्या १९३४ च्या ‘वसंत संचलन’वरून १९४० मध्ये डीअॅना डर्बिनचा ‘स्प्रिंग परेड’ निघाला. म्हणजे विनोद परक्या भाषेत नांदला, नटी तेवढी उपरी राहिली.

१९४० मध्ये ती बुडापेस्टला परतली. आई आजारी होती म्हणून, असे सांगतात. मग परतीची दारे बंद झाली. मार्च १९४४ मध्ये जर्मन फौजा हंगेरीत शिरल्या आणि त्या उन्हाळ्यात काही आठवड्यांत चार लाखांहून अधिक ज्यूंना छळछावण्यांकडे धाडण्यात आले. एके काळी लाखोंना माहीत असलेला हा चेहरा तेव्हा कुणाच्या दृष्टीस पडू नये म्हणून लपून राहिला. ती वाचली. १९४६ मध्ये बुडापेस्टमध्ये एक चित्रपट सुरू झाला, तो अपुराच राहिला. ती पुन्हा अमेरिकेला गेली. १९७२ मध्ये न्यूयॉर्कला वारली.

तेव्हा आपल्या प्रश्नाचे उत्तर दुहेरी आहे. विनोद भाषेची सीमा ओलांडतो, हे तिच्या बोलपटांनी दाखवले. पण विनोद करणाऱ्या माणसाला पायाखाली जमीन आणि समोर आपला म्हणणारा प्रेक्षक लागतो. तो तिच्यापासून हिरावला गेला, तो काही भाषेमुळे नव्हे. जुने बोलपट कुठे पाहायला मिळाले तर ‘पेटर’ अवश्य पाहा. हसू तर येईलच. पण ती किती थोडी वर्षे हसवू शकली, हेही ध्यानात राहू द्या.