पांढरं, पिवळं, लाल

पोर शाळेच्या पायरीवर तोंडावर आपटतं, पुढच्या दाताचा कोपरा उडतो. घरचे बघतात, तुकडा केवढा गेला. डेंटिस्ट बघतात तुटलेल्या कडेचा रंग. ओल्या कापसाने रक्त टिपायचं, दिवा जवळ घ्यायचा आणि बघायचं.

कड नुसती पांढरी असेल तर वरचं कवच, इनॅमल, तेवढंच गेलंय. त्याला संवेदना नाही. जीभ मात्र दिवसभर त्या धारेवर जाते. कड घासून गुळगुळीत केली की भागतं. एलिसच्या वर्गीकरणात हा पहिला वर्ग.

पांढऱ्याच्या आत पिवळसर भाग उघडा पडला, की दुसरा. हे डेंटिन. त्यातल्या हजारो बारीक नळ्या आतल्या नसेकडे जातात, म्हणून तोंडाने वारा ओढला तरी झिणझिणतं. ‘सोसतंय की’ म्हणून महिनाभर काढला तर त्याच वाटेने जंतू आत शिरतात. ही जागा लवकर झाकायची. तुटका तुकडा सापडला असेल तर उत्तम, तोच परत चिकटवता येतो. लोक तो कागदाच्या पुडीत बांधून आणतात, आणि वाळून तो खडूसारखा पांढरा पडतो. वाटीभर पाण्यात टाकून आणला तर रंगही जुळतो.

पिवळ्याच्या मधोमध लाल ठिपका दिसला, की नस उघडी पडली, तिसरा वर्ग. इथे वय आधी विचारायचं. आठ वर्षांच्या मुलाचा पुढचा दात नुकताच आलेला असतो, मुळाचं टोक अजून उघडंच. नस मेली तर मूळ वाढायचं थांबतं. म्हणून नसेचा वरचा साधारण 2 मिलिमीटर भाग काढायचा, रक्त थांबवायचं, औषध ठेवून दात बंद करायचा. मिओमिर स्वेक यांनी 1978 साली मांडलेली ही पद्धत. नस आधीच मेली असेल, तर मोठ्या माणसाला रूट कॅनॉल.

दात मुळासकट बाहेर आला तर वेळेला फार किंमत. कायमचा दात असेल तर मुळाला हात न लावता वरून धरायचा, मळला असेल तर नुसता धुवायचा, घासायचा नाही, आणि लगेच खोबणीत बसवायचा. जमलं नाही तर दुधात टाकून अर्ध्या तासात दवाखाना गाठायचा. दुधाचा दात मात्र परत बसवत नाहीत. खाली येऊ घातलेल्या दाताला इजा होते.

सगळ्यात चकवते ती दाढेची चीर. वर्षानुवर्षं दाढेखाली सुपारी फोडणाऱ्याला एक दिवस घास चावून सोडताना कळ येते. दाबताना नाही, सोडताना. इथे रंग काही सांगत नाही, एक्स-रेतही बहुतेकदा काही दिसत नाही. मग दाढेच्या एकेका टोकावर लहानशी काडी चावायला देतात. सोडताना जिथे चमक निघते, चीर तिथे. चीर फार खोल गेली नसेल तर दाढेवर कॅप बसते. सुपारी पुन्हा अडकित्त्याकडे.