पानओव्याला पाणी किती?

यवतमाळ जिल्हा कापसासाठी प्रसिद्ध आहे. इथे जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत पाऊस पडतो. उन्हाळा मात्र फार कडक असतो. मे महिन्यात तापमान ४२ अंश सेल्सिअसच्याही वर जाते. अशा उन्हात अनेक झाडे कोमेजतात. पण ओसरीच्या सावलीत कुंडीतला पानओवा तग धरून राहतो. नवल असे, की हाच पानओवा पुढे पावसाळ्यात, चोहीकडे पाणीच पाणी असताना, मरून जातो. असे का होते?

प्रथम या झाडाची ओळख करून घेऊ. पानओव्याची पाने जाड, मऊ आणि कातरलेल्या कडांची असतात. पान चुरगळले, की ओव्याचा वास येतो. ओवा म्हणजे उर्दूतील अजवायन. म्हणून या झाडाला पानओवा म्हणतात. पण ज्या झाडापासून ओव्याचे दाणे मिळतात, ते झाड वेगळे. ते कोथिंबिरीच्या कुळातले आहे. पानओवा हा तुळस आणि पुदिना यांच्या कुळातला आहे.

याच कुळात ओरेगॅनो नावाची एक परदेशी वनस्पती आहे. पिझ्झ्याबरोबर पुडीतून मिळतो, तो तिच्या वाळलेल्या पानांचा चुरा. ती भूमध्य समुद्राकाठच्या देशांत, खडकाळ डोंगरउतारांवर वाढते. पानओवा आणि ओरेगॅनो या दोघांच्याही पानांत कार्व्हाक्रोल नावाचे सुगंधी द्रव्य असते. म्हणून दोघांचा वास पुष्कळसा सारखा असतो. पाण्याच्या बाबतीतही दोघांची आवड सारखीच आहे. साचलेले पाणी दोघांनाही सोसत नाही.

पानओव्याचे जाड पान म्हणजे पाण्याची छोटी टाकीच. त्यात पाणी साठलेले असते. त्यामुळे काही दिवस पाणी मिळाले नाही, तरी झाड जगते. मुळांचे मात्र तसे नाही. मुळांना पाण्याबरोबर हवाही लागते. मातीच्या कणांमध्ये बारीक पोकळ्या असतात आणि त्यांत हवा असते. आपण रोज भरपूर पाणी घातले, तर या पोकळ्या पाण्याने भरून जातात. मग मुळे गुदमरतात आणि कुजू लागतात.

कुजलेली मुळे पाणी शोषू शकत नाहीत. त्यामुळे माती ओली असूनही पाने मलूल होतात. पाहणाऱ्याला वाटते, झाड तहानलेले आहे. तो आणखी एक तांब्या पाणी ओततो. अशा रीतीने मायेपोटीच झाडाचा जीव जातो.

शेतकऱ्याला ही गोष्ट चांगली ठाऊक असते. फार पाऊस झाला आणि शेतात पाणी साचले, की कपाशी पिवळी पडते. म्हणून शेतकरी चर काढून पाणी बाहेर सोडतो. पाऊस उघडल्यावर तो वाफसा येण्याची वाट पाहतो. जमिनीत ओलावा आणि हवा दोन्ही योग्य प्रमाणात असणे, याला वाफसा म्हणतात. शेताला जसा वाफसा लागतो, तसाच कुंडीलाही लागतो.

आता लागवड कशी करावी ते पाहू. काळी माती पाणी फार वेळ धरून ठेवते. म्हणून नुसती काळी माती वापरू नये. एक भाग काळी माती, एक भाग वाळू आणि एक भाग चांगले कुजलेले शेणखत असे मिश्रण करावे. कुंडी नसेल, तर जुना डबा किंवा फुटका माठ चालतो. मात्र त्याच्या तळाला भोक हवेच. पानओव्याची वीतभर फांदी घ्यावी. तिची खालची पाने काढून ती एक दिवस सावलीत ठेवावी. कापलेली जागा सुकली, की दोन पेरे मातीत जातील अशी फांदी लावावी. साधारण दोन-तीन आठवड्यांत तिला मुळे फुटतात.

पाणी घालण्यापूर्वी बोट मातीत दोन पेरे खोल घालून पाहावे. माती ओलसर लागली, तर पाणी घालू नये. कोरडी लागली, तर तळातून पाणी बाहेर येईपर्यंत सावकाश घालावे. उन्हाळ्यात दोन-तीन दिवसांनी पाणी लागते, हिवाळ्यात त्याहून कमी. पावसाळ्यात कुंडी आडोशाला ठेवावी. पाने पिवळी होऊन गळू लागली आणि बुंधा काळा पडला, तर मुळे कुजली असे समजावे. तेव्हा वरची निरोगी फांदी कापून नव्या मातीत लावावी. झाड वाचते.

या सवयीचा आणखी एक फायदा आहे. यवतमाळ शहराला निळोणा आणि चापडोह या धरणांतून पाणी मिळते. २०१७ साली पाऊस कमी झाला आणि २०१८ च्या उन्हाळ्यात शहरात पाण्याची तीव्र टंचाई झाली. नळाला कित्येक दिवसांनी पाणी येई. अशा वेळी पाण्याच्या एकेका थेंबाची किंमत कळते. हिशोब करून पाहा. एका कुंडीला रोज अर्धा लिटर पाणी घातले, तर महिन्याला १५ लिटर लागते. तेच तीन दिवसांनी एकदा घातले, तर ५ लिटर पुरते. म्हणजे १० लिटर पाणी वाचते आणि झाडही जगते. भाजी किंवा तांदूळ धुतलेले पाणी आणि वुजूचे पाणीही कुंडीला घालता येते. साबणाचे किंवा मिठाचे पाणी मात्र घालू नये.

पानओव्याच्या पानांची भजी चविष्ट लागतात. सर्दी-खोकल्यावर पुष्कळ घरांत या पानांचा काढा देतात; पण आजार वाढला, तर डॉक्टरांकडेच जावे.

मुलांनो, पानओव्याच्या दोन फांद्या दोन डब्यांत लावा. दोन्हींना मुळे फुटली, की एकीला रोज पाणी घाला आणि दुसरीला माती पाहून घाला. दर आठवड्याला दोन्हींची पाने मोजा आणि वहीत लिहा. झाडाला पाणी किती हवे, ते झाड आणि माती तुम्हांला सांगतील.